सिग्नेचर कॉकटेल निवडताना घ्यावयाची काळजी

घरात लग्न ठरले की पूर्वी कार्यालय, केळवणे, मानपान आणि गुरुजींची सवड एवढ्याच चिंता असत. आता घोडबंदर रस्त्यावरच्या एखाद्या लॉनच्या ऑफिसात अनामत रक्कम भरून पावती हातात पडण्यापूर्वीच समोरचा तरुण अदबीने विचारतो, ‘सर, सिग्नेचर कॉकटेल कोणते ठेवायचे?’ (म्हणजे खास याच लग्नापुरते नाव देऊन ठेवलेले मिश्र मद्यपेय.) अशा वेळी गडबडून ‘मठ्ठा’ असे उत्तर देऊ नये. मठ्ठा जिलबीच्या मागून येतो, त्याला स्वतःचे नाव नसते आणि त्याचा फोटो कोणी काढत नाही.

आपण कोणती परंपरा मोडीत काढत आहोत, याचे भान मात्र ठेवावे. मराठी मध्यमवर्गीय लग्नात दारू नसे, हा समज खरा नाही. ती मांडवात नसे, एवढेच. तिची जागा ठरलेली होती: पार्किंगच्या शेवटच्या रांगेत, भिंतीला पाठ लावून उभ्या केलेल्या गाडीची डिकी. तेथे एखाद्या अनुभवी काकांच्या देखरेखीखाली वर्तमानपत्रावर फरसाण, पाण्याच्या बाटल्या आणि एकात एक घातलेले प्लास्टिकचे ग्लास अशी चोख व्यवस्था असे. स्टेजपुढची रांग लांबली की मंडळी ‘गाडी नीट लागली आहे का ते पाहून येतो’ असे सांगून एकेक करून उठत आणि वीस मिनिटांनी बडीशेप चघळत, कमालीच्या प्रेमळ चेहऱ्याने जेवणाला येऊन बसत. घरातील सर्व बायकांना हे ठाऊक असे, आणि ते ठाऊक नसल्याचे दाखवण्याचे काम त्या तितक्याच चोखपणे करीत. सिग्नेचर कॉकटेल म्हणजे हीच डिकी उचलून वधूवरांच्या फोटोशेजारी आणून ठेवणे आणि तिला फुलांची कमान करणे. तेव्हा या कामासाठी बाहेर पडताना ठाण्याच्या तलावपाळीवर गडकरी रंगायतनाकडे न पाहता पुढे जावे; त्या वास्तूला ज्यांचे नाव आहे, त्यांनी या विषयावर पूर्वीच पुरेसे लिहून ठेवले आहे.

पेयाच्या चवीआधी नाव ठरवावे. चव सकाळपर्यंत विसरली जाते. नाव मात्र काउंटरवरच्या फलकावर सोनेरी अक्षरांत झळकते आणि तो फलक पुढे अनेक वर्षे माळ्यावर सांभाळावा लागतो. वधूवरांच्या नावांची अक्षरे जोडण्याची पद्धत सध्या रूढ आहे. जोडून आलेला शब्द कीटकनाशकासारखा वाटला तरी डगमगू नये. ‘मंगलाष्टक मोहितो’ किंवा ‘सप्तपदी सावर’ ही नावेही चालतील. ‘अंतरपाट’ हे नाव मात्र जपून वापरावे, कारण तिसऱ्या पेल्यानंतर तो प्रत्येकालाच स्वतःच्या डोळ्यांपुढे दिसू लागतो.

आतील द्रव्याचा विचार त्यानंतर. न्यूयॉर्क राज्यातील एका वृत्तपत्राने १८०६ मध्ये कॉकटेलची व्याख्या छापली होती, ती मद्य, साखर, पाणी आणि बिटर्स, म्हणजे कडवट अर्क, अशा चारच जिनसांची होती. इतक्या साध्या गोष्टीला ठाण्यात कोणी पैसे मोजणार नाही. आपल्या पेयात ‘मातीचा गंध’ हवा, असे लग्नाची व्यवस्था पाहणारा प्लॅनर सांगेल. मातीचा गंध म्हणजे कोकम. जे आगळ आजी कोकणातून येताना शीतपेयाच्या जुन्या बाटलीत भरून आणते आणि ज्याला घरातील एकही तरुण हात लावत नाही, तेच टकिलाच्या संगतीत, काठाला मीठ लावलेल्या पेल्यातून आले की कोकम मार्गारिटा होते. आत्याबाईंनी हरकत घेतल्यास ‘पंच’ ठेवावा. हा शब्द इंग्रजांनी आपल्याकडच्या ‘पाच’वरूनच उचलला, अशी व्युत्पत्ती सांगितली जाते: मद्य, लिंबू, साखर, पाणी आणि मसाला. आत्याबाईंना पहिला जिन्नस गाळून उरलेले चार सांगावेत.

चव पाहण्याच्या बैठकीला घरातील ज्येष्ठ व्यक्तीस अवश्य न्यावे. आमच्या पुतणीच्या लग्नापूर्वी झालेल्या अशा बैठकीत बारटेंडरने रोझमेरीची काडी लायटरने पेटवली, तिच्यावर पेला उपडा धरून धूर आत कोंडला आणि मग तो पेला भरून, काडीसकट, आमच्या दादांपुढे ठेवला. दादा बँकेतून निवृत्त झालेले. सगळा धूर निघून जाईपर्यंत ते थांबले, काडी काढून रुमालाने पुसली, प्लॅनरच्या हातात परत दिली, एक घोट घेतला आणि विचारले, ‘यात सोडा नाही का?’

कायद्याचीही थोडी माहिती असावी. वधू १८व्या आणि वर २१व्या वर्षी विवाहबद्ध होऊ शकतात. महाराष्ट्रात बिअर आणि वाइनसाठी मात्र २१ आणि रम, व्हिस्की, टकिला यांसाठी २५ वर्षे पूर्ण व्हावी लागतात. यांपैकी कोणत्या निर्णयाला अधिक पक्व बुद्धी लागते, याविषयी शासनाचे मत स्पष्ट आहे. शिवाय १९४९ चा दारूबंदी कायदा अद्याप हयात असल्यामुळे पिणाऱ्याजवळ पिण्याचा परवाना आणि यजमानाजवळ उत्पादन शुल्क विभागाचा त्या दिवसापुरता परवाना असावा लागतो. म्हणून पत्रिकेत ‘कृपया आहेर आणू नये’ या ओळीखाली ‘परवाना आणावा’ अशी ओळ घालण्यास संकोचू नये. मुहूर्त काढताना पंचांगाशेजारी निवडणुकीचे वेळापत्रकही ठेवावे, कारण मतदान संपण्यापूर्वीचे ४८ तास कोरडे जातात, आणि २०२४ मध्ये विधानसभेचे मतदान तुळशीची लग्ने आटोपून आठवडा होण्याच्या आत, २० नोव्हेंबरला आले होते. राहता राहिला परतीचा प्रवास. १०० मिलि रक्तात ३० मिलिग्रॅमहून अधिक मद्यांश आढळला की गुरुजी ‘सावधान’ का म्हणाले होते, याचा उलगडा होतो.

हिशेब प्लॅनरवर सोपवू नये. पाचशे निमंत्रितांपैकी दोनशे जण पितील आणि प्रत्येकी दोनच पेले घेतील असे धरले (हे गृहीतक वरपक्षास अपमानकारक वाटेल, तरी धरू), तर ४०० पेले होतात. एका पेल्यात ६० मिलि म्हटले तर २४ लिटर, म्हणजे ७५० मिलिच्या ३२ बाटल्या. पेल्यामागे दोन कागदी लिंबे लागली, तर ८०० लिंबे. ती ऐन मे महिन्यात जांभळी नाक्यावर भाव विचारून घ्यायची असतील, तर मंगळसूत्राचे वजन थोडे कमी करण्याची तयारी ठेवावी. आता वेळ पाहू. पुदिना चुरडणे, शेकर हलवणे, गाळणे आणि काडी पेटवणे यांत एका पेल्यामागे तीन मिनिटे जातात. दोन बारटेंडर तासाला ४० पेले देतात. ४०० पेल्यांना १० तास लागतात. स्वागत समारंभ साडेसात ते साडेदहा असतो.

आणखी एक बारीक सूचना. कोकमाचे कॉकटेल आणि कोकमाचे सरबत दिसायला अगदी सारखे असल्यामुळे मद्य असलेल्या पेल्यावर कागदी छत्री लावावी, असे प्लॅनर सुचवतो. युक्ती उत्तम आहे. फक्त लग्नात लहान मुले नसावीत. आमच्याकडे पहिल्या अर्ध्या तासातच सहा-सात वर्षांच्या टोळीने सगळ्या छत्र्या उपटून सोफ्यामागे दुकान मांडले. त्यानंतर कोणता पेला कशाचा, हे ओठाला लागेपर्यंत कळेना. दोन मावश्यांनी ‘कोकम जरा आंबलंय’ अशी तक्रार करीत पेले संपवले. तीन पेल्यांनंतर स्टेजवर जाऊन, डोळे पुसत, सासऱ्यांची जाहीर माफी मागणाऱ्या एका जावईबापूंना मात्र तिन्ही वेळा सरबतच दिले होते, असे वेटर आजही शपथेवर सांगतो.

साडेनऊच्या सुमारास फोटोसाठी दादांची शोधाशोध सुरू झाली. काउंटरपुढची रांग कमानीबाहेर गेली होती आणि दोनपैकी एकच बारटेंडर जागेवर होता. मी पार्किंगकडे गेलो. शेवटच्या रांगेत एक डिकी उघडी होती, वर्तमानपत्रावर फरसाण पसरले होते आणि दुसरा बारटेंडर, गळ्यातला बो सैल करून, प्लास्टिकचा ग्लास दोन्ही हातांनी पुढे धरून उभा होता. दादा त्याला विचारत होते, ‘सोडा चालेल ना?’