गावकऱ्यांना त्या खोक्यांतून बाहेर काढा

दिवाळीच्या सुट्टीत लेकीने मला माइनक्राफ्ट या व्हिडिओ गेममधला तिचा 'ट्रेडिंग हॉल', म्हणजे व्यापाराची इमारत, दाखवला. दगडी विटांची लांबलचक इमारत, मधून वाट, दोन्ही बाजूंना दहा-दहा कप्पे. कप्पा म्हणजे एका ठोकळ्याएवढी जागा. प्रत्येक कप्प्यात एक गावकरी उभा आणि त्याच्यासमोर पुस्तक ठेवायचं तिरकं लाकडी टेबल. त्याला ना पुढे येता येत, ना मागे जाता येत. हात बाहीत खुपसलेले, मान तेवढी इकडून तिकडे, आणि मधूनच नाकातून 'ह्रम्म'. "बघ आई, सगळी पुस्तकं एका जागी. आता कुठे जायलाच नको." किती दिवस खपून तिने ते बांधलं होतं, तेही दिसत होतं. तरी माझ्या पोटात गोळाच आला, आणि मी तसं बोलून दाखवलं.

"अगं आई, एनपीसी आहेत ते!"

म्हणजे संगणक चालवतो ती पात्रं, खरी माणसं नव्हेत. हे मलाही कळतं. तरी दोन दिवस आमचा वाद चालला, आणि त्या वादात जे मला तिला नीट सांगता आलं नाही ते इथे लिहिते आहे.

आधी माझं थोडं. आमचं तालुक्याच्या गावी किराणा दुकान होतं. पाचवीपासून मी आबांच्या शेजारी गल्ल्यावर बसले. सकाळची भवानी झाल्याशिवाय उधारीची वही उघडायची नाही, पोत्यातलं धान्य मापताना वरचा शीग हाताने पाडायचा नाही, हे मी शाळेतल्या पाढ्यांबरोबर शिकले. त्यामुळे लेक हा गेम खेळायला लागली तेव्हा बाकीच्या खाणी, किल्ले, ड्रॅगन यांत माझं मन कधी रमलं नाही. गावकऱ्यांशी चालणारा व्यवहार पाहिला मात्र आणि मी तिच्या शेजारी खुर्ची ओढून बसले.

जे खेळत नाहीत त्यांच्यासाठी सांगते. स्टॉकहोमच्या मोजांग कंपनीचा हा गेम. पूर्ण आवृत्ती 2011 च्या नोव्हेंबरात आली आणि 2023 मध्ये कंपनीने 30 कोटींहून जास्त प्रती खपल्याचं जाहीर केलं. सुरुवातीला गावकरी नुसतेच हिंडायचे. देवाणघेवाण आली 2012 मध्ये, आणि चलन ठरलं पाचू. खरं तर आधी माणिक ठरलं होतं, पण मोजांगच्याच एका प्रोग्रॅमरला रंग ओळखण्यात अडचण होती. लाल माणिक आणि खाणीतला लाल रेडस्टोन त्याला वेगळे दिसेनात, म्हणून लालाचं हिरवं केलं. एका माणसाला दिसावं म्हणून अख्ख्या जगाचं नाणं बदललं, ही गोष्ट मला फार आवडते.

पाचूची खाण फक्त डोंगराळ भागात सापडते आणि तिथेही थोडीच. म्हणून पाचू मिळवायचा तो विकून. शेतकरी 20 गव्हाला किंवा 26 बटाट्यांना एक पाचू देतो. ग्रंथपाल 24 कागदांना, बाण बनवणारा 32 काड्यांना. धर्मगुरू तर 32 सडक्या मांसाच्या तुकड्यांनाही एक पाचू मोजतो. लेकीने पहिल्यांदा काड्यांचा धंदा केला. अर्धं जंगल तोडलं, 512 काड्या करून आणल्या आणि 16 वेळा सौदा केला. मग त्या बाणवाल्याच्या सौद्यावर लाल फुली पडली. तो आपल्या कामाच्या टेबलाशी गेला, पुन्हा घ्यायला तयार झाला, पण आता त्याच एका पाचूला 32 च्या जागी कितीतरी जास्त काड्या मागायला लागला. लेक चिडली, "हा फसवतोय!" मी म्हटलं, बाळा, आवक वाढली की भाव पडतो. टोमॅटोची गाडी घेऊन मार्केट यार्डात गेलेल्या कुठल्याही शेतकऱ्याला विचार. दोन दिवस काड्या आणू नकोस, भाव आपोआप वर येईल. आला. (गेममधला दिवस 20 मिनिटांचा असतो, त्यामुळे फार वाट पाहावी लागत नाही.)

2019 च्या एप्रिलमध्ये 'व्हिलेज अँड पिलेज' नावाची मोठी सुधारणा आली आणि गाव खऱ्या अर्थाने गाव झालं. तेव्हापासून प्रत्येकाचा धंदा त्याच्या कामाच्या वस्तूवरून ठरतो. मागावर बसला की धनगर, पिंपाशी उभा राहिला की कोळी, धार लावायच्या दगडाशी गेला की शस्त्रं करणारा. आपल्या बारा बलुतेदारांची आठवण येतेच. पण आपल्याकडे लोहाराच्या पोरानं लोहारच व्हायचं, जन्मानेच सगळं बांधलेलं. इथे लहान पोर मोठं झालं की जी जागा मोकळी असेल ती धरतं, धनगराचं पोर ग्रंथपाल होऊ शकतं. आमच्या बलुत्यापेक्षा हे बरं, असं मी लेकीला सांगितलं आणि मग बलुतं म्हणजे काय ते सांगण्यात अर्धा तास गेला.

त्याच सुधारणेत आलेली आणखी एक गोष्ट मला सगळ्यात मोलाची वाटते. गावकरी तुमचं वागणं लक्षात ठेवतात. एकाला मारलंत की तो भाव वाढवतो. एवढ्यावर थांबत नाही, ते एकमेकांना भेटले की कुजबुज एकाकडून दुसऱ्याकडे जाते आणि ज्याला तुम्ही कधी हात लावला नाही तोही महाग होतो. चांगल्या वागण्याचंही तसंच. नेमाने व्यवहार केलात तर भाव थोडा उतरतो. गावावर आलेली धाड परतवलीत तर सगळं गाव सवलत देतं.

हे वाचलं आणि मला आमची पेठ आठवली. एकदा एका व्यापाऱ्याने भर दुपारी एका म्हाताऱ्या हमालाच्या थोबाडीत मारली. पोतं खाली पडून फाटलं होतं, एवढंच कारण. तो व्यापारी आमच्या दुकानातून तेलाचे डबे उचलायचा, नेहमी उधारीवर. संध्याकाळी आला तेव्हा आबांनी वही उघडलीच नाही. "आज रोख," एवढंच म्हणाले. शेजारच्या दुकानातही रोख, त्याच्या पलीकडेही रोख. कुणी बैठक घेतली नव्हती, कुणी कुणाला निरोप धाडला नव्हता. आबांना मी विचारलं तेव्हा ते म्हणाले, "भाव मालाचा असतो तसा माणसाचाही असतो."

स्टॉकहोममध्ये बसून कुणीतरी हे प्रोग्रॅममध्ये उतरवलं याचं मला खरंच अप्रूप आहे. हिरा तुम्ही एकट्याने खणून काढू शकता, पण गावातला भाव तुम्हाला एकट्याला कमावता येत नाही, त्याला दुसरं कुणीतरी लागतं.

आणि ट्रेडिंग हॉल नेमकं हेच पुसून टाकतो. गावकऱ्याला होडीत किंवा खाणगाडीत कोंबून आणायचं, कप्प्यात सोडायचं, वरून झाकायचं. मग हवं ते जादूचं पुस्तक (हत्याराला लावलं की त्याच्या अंगी नवा गुण येतो) तो देईपर्यंत समोरचं टेबल फोडायचं आणि पुन्हा ठेवायचं. टेबल गेलं की त्याचा धंदा जातो, टेबल आलं की नवे सौदे घेऊन तो पुन्हा ग्रंथपाल होतो. एकदा का तुम्ही त्याच्याशी सौदा केलात की मग तो त्या धंद्यात कायमचा. माझ्यासमोर लेकीने एकाच गावकऱ्याचं टेबल पन्नासेक वेळा फोडलं. ठाक, ठेव. ठाक, ठेव. प्रत्येक वेळी तो बिचारा क्षणभर साधे कपडे घालून उभा, आणि पुन्हा झगा.

सगळे धावतात ते 'मेंडिंग'च्या पुस्तकासाठी, आणि ते का, हे मला मान्य आहे. मेंडिंग लावलेलं हत्यार तुम्ही मिळवलेल्या अनुभवाच्या गुणांनी आपोआप दुरुस्त होतं. ते नसलं तर हिऱ्याची कुदळसुद्धा झिजून एक दिवस मोडते. पोरांना दिवसाला तासभर खेळायला मिळतो, त्यात एका पुस्तकासाठी जगभर पेट्या धुंडाळायच्या का? नाही. म्हणून पोरांवर माझा अजिबात राग नाही. गेमचा हिशोबच असा आहे की गावकऱ्याला कोंडणं फायद्याचं ठरतं. त्याला पलंग नको, सोबत नको, ऊन-वारा नको. समोर टेबल असलं की तो दिवसातून दोनदा माल भरतो.

2023 मध्ये मोजांगने प्रयोग म्हणून एक बदल सुचवला, की कुठलं पुस्तक मिळणार हे गावकरी कुठल्या प्रदेशातला आहे त्यावर ठरावं. वाळवंटातल्याकडे एक, जंगलातल्याकडे दुसरं, आणि मेंडिंग दलदलीतल्याकडे. खेळणारे भडकले. हेतू मला पटतो, कारण माणसाने हिंडावं, चार गावं पाहावीत, हे चांगलंच. पण जंगलात आणि दलदलीत गावं मुळात उगवतच नाहीत! म्हणजे पुन्हा दोघांना होडीत घालून दलदलीत न्यायचं आणि तिथे त्यांची पोरं होण्याची वाट पाहायची. कोंडवाडा तोच, फक्त चिखलात.

माझी मागणी साधी आहे. जो गावकरी रात्री पलंगावर झोपला, दिवसा घंटेपाशी चार जणांना भेटला, त्याने पूर्ण माल भरावा. जो हे करू शकला नाही त्याने अर्धा भरावा. आणि हे अवघड नाही. गेमच्या 'जावा' नावाच्या आवृत्तीत गावाचं रक्षण करणारा लोखंडी गोलेम गावकऱ्यांमुळे उभा राहतो तो ते गेल्या दिवसभरात झोपले असतील तरच. म्हणजे कोण झोपलं, कोण नाही, याची नोंद गेमकडे आहेच. ती फक्त व्यापाराच्या वहीत चढवायची राहिली आहे.

वाद मिटला तो मात्र माझ्या बोलण्याने नाही. हॉलपासून थोड्या अंतरावर तिचं जुनं गाव होतं, जिथून तिने माणसं उचलली होती. तिथे एक ग्रंथपाल उरला होता, मेंडिंग विकणारा, 23 पाचूंना. एका रात्री कुंपणाचं दार उघडं राहिलं आणि झोंबीने, म्हणजे चालत्या प्रेताने, त्याला गाठलं. आम्ही पोचलो तेव्हा तो हिरवा पडून आमच्याच अंगावर धावून आला. लेक म्हणाली, जाऊ दे, दुसरा बनवते. मी म्हटलं, याला बरं करता येतं ना? येतं. अशक्तपणाचं औषध अंगावर फोडायचं आणि सोन्याचं सफरचंद खाऊ घालायचं. सफरचंदाला सोन्याच्या आठ विटा. औषधाला जाळं विणणाऱ्या कोळ्याचा डोळा, साखर, तपकिरी भूछत्र, बंदुकीची दारू. एवढं गोळा होईतो उजाडायला आलं, आणि उन्हात तो जळून गेला असता. लेकीने धावत त्याच्या डोक्यावर मातीचं छप्पर घातलं. पलंग आणि लोखंडी गज जवळ असले तर तो थोडा लवकर बरा होतो, म्हणून स्वतःचा पलंग आणून शेजारी ठेवला. मग तो थरथरत राहिला, चार मिनिटं तरी. आम्ही दोघी गप्प बसलो होतो.

तो बरा झाला, अंगात पुन्हा तोच झगा. लेकीने त्याच्याशी सौदा उघडला. 23 पाचूंचं पुस्तक त्याने एका पाचूला पुढे केलं होतं. शेजारचा शेतकरीही गव्हाच्या भावात जरा नरमला होता, कुजबुज तिथवर पोचली होती. ती बराच वेळ पडद्याकडे बघत राहिली. मग म्हणाली, "आई, याला मी हॉलमध्ये नाही नेणार."

आता हॉलच्या भिंती पाडणं चालू आहे. आठ जण मोकळे झाले, बारा राहिलेत. प्रत्येकाला घर, पलंग, दिवे, भोवती कुंपण. शेतकरी पिकलेलं इतरांकडे टाकतो, पोरं पलंगांवर उड्या मारतात, आणि काल गोलेम एका पोरासमोर हातात लाल फूल घेऊन उभा होता. एक हिरव्या डगल्याचा आहे, त्याला कुठलाच धंदा येत नाही, काहीच विकत नाही. बरेच लोक अशाला मारून टाकतात. लेकीने त्याला घंटेजवळचं घर दिलंय.

तुमच्याकडे, तुमच्या मुलांकडे असं मोकळं गाव असेल तर खाली फोटो टाका. आणि एक अडचण सोडवा. बारा माणसांची घरं नदीपलीकडे बांधायची आहेत, त्यांना होडीत न कोंबता पलीकडे कसं न्यायचं? पूल बांधलाय, पण ते पुलावर चढतच नाहीत.