इंटरव्हलमध्येच निकाल?

सकाळी सकाळी डोकं फिरलं. थिएटरबाहेर उभा राहून एक मुलगा इंटरव्हलमध्येच रीलवर सांगतोय, 'पिक्चर बकवास, पैसे वाया घालवू नका.' अर्धा सिनेमा अजून बाकी आहे! आणि आमच्या भाच्याने ते फॅमिली ग्रुपवर टाकून वर विचारलं, 'पेपरातले रिव्ह्यू आता कोण वाचतं, मामा?'

मी वाचतो, बाळा. शिकागोत नवा होतो तेव्हा शुक्रवारचा 'शिकागो सन-टाइम्स' फक्त त्यातल्या सिनेसमीक्षक रॉजर ईबर्टसाठी घ्यायचो. १९९४ साली 'हूप ड्रीम्स' आला. जवळजवळ तीन तासांची डॉक्युमेंटरी, तीही बास्केटबॉलवर! माझा रूममेट कोल्हापूरचा, त्या खेळाशी आमचा काडीचा संबंध नाही. ईबर्टने लिहिलं म्हणून गेलो. फी थकली म्हणून त्यातल्या आर्थर या बास्केटबॉल खेळणाऱ्या पोराची शाळा सुटते, घरची वीज तोडतात, आणि त्याच घरातली त्याची आई नर्सिंग असिस्टंटच्या कोर्समध्ये पहिली येते. तिथे रूममेट ढसाढसा रडला. बाहेर येऊन म्हणाला, 'अरे, आमच्या तालमीतली पोरं हीच की!'

कोण नेणार होतं आम्हाला त्या सिनेमाला? रील?

हा ईबर्ट १९६७ पासून २०१३ मध्ये जाईपर्यंत एकाच पेपरात लिहीत राहिला. १९७५ साली पुलित्झर, म्हणजे अमेरिकेतला पत्रकारितेचा मोठा पुरस्कार, मिळाला. सिनेसमीक्षेसाठी तो मिळवणारा ईबर्ट पहिलाच. २००६ नंतर कॅन्सरच्या ऑपरेशनांमुळे जबडा गेला, वाचा गेली. तरी २०१२ या एका वर्षात त्याने ३०६ सिनेमांवर लिहिलं. हे आठवलं की राग बाजूला राहतो, गळाच दाटून येतो.

मान्य, टीव्हीवर जीन सिस्केल या दुसऱ्या समीक्षकाबरोबर सिनेमाला अंगठा वर-खाली करण्याची सवय त्यानेच लावली. 'ब्लू व्हेल्वेट' या सिनेमाला दिलेला एक स्टारही मला कधी पटला नाही. पण का दिला, ते त्याने लिहिलं होतं. त्यातली नटी इझाबेला रोझेलिनी, तिला पडद्यावर ज्या तऱ्हेने वागवलंय, ते त्याला सहन झालं नव्हतं. त्यावर भांडता येतं. 'बकवास'वर काय भांडणार?

रूममेट आता सांगलीत असतो. अजून फोनवर आर्थरच्या आईचा विषय काढतो.

आपल्या पेपरांत आता समीक्षा म्हणजे चांदण्यांची चौकट आणि तीन ओळींची कथा. संपादकांनो, त्या चांदण्या काढा. एक पगारी माणूस ठेवा, त्याला दर शुक्रवारी आठशे शब्दांची जागा द्या, आणि जाहिरात विभागाला त्याच्या टेबलापासून लांब ठेवा.