‘प्रकाशाचे गुप्त कारागीर’: नागपुरात फिरणाऱ्या संदेशाला उत्तर

सध्या नागपूरकरांच्या व्हॉट्सअ‍ॅपवर एक लांबलचक संदेश फिरतोय. त्याचं म्हणणं असं: भोसल्यांच्या काळात प्रकाशानं बांधकाम करणाऱ्या कारागिरांचा एक गुप्त पंथ नागपुरात आला. मे महिन्यातल्या एका दुपारी शहराच्या जुन्या महाल भागात सावली नाहीशी होते, ती त्यांची किमया. झिरो माइलच्या खांबाची जागा त्यांनीच प्रकाशरेषांनी ठरवली. कोल्हापूरच्या अंबाबाईचा किरणोत्सवही त्यांचाच. आणि इंग्रजांच्या हाती विद्या लागू नये म्हणून त्यांनी सगळ्या पोथ्या जाळल्या. शिकलीसवरली माणसं हा मजकूर ‘आपला दडवलेला इतिहास’ म्हणून पुढे पाठवताहेत, म्हणून हे उत्तर.

आधी सावली. ती नाहीशी होते हे खरं आहे, पण एकट्या महालात नाही. सीताबर्डीवर, हिंगण्यात, कामठीत, तुमच्या गच्चीवरही होते. कर्कवृत्ताच्या दक्षिणेला भारतात कुठेही वर्षातून दोनदा सूर्य भरदुपारी अगदी डोक्यावर येतो. नागपूर साधारण २१.१५ उत्तर अक्षांशावर आहे, त्यामुळे सूर्याची क्रांती, म्हणजे विषुववृत्तापासूनचं त्याचं उत्तरेकडचं कोनीय अंतर, तेवढी झाली की उभ्या काठीची सावली तिच्या बुडाशीच जिरते. हा दिवस पुण्यात १३ मेच्या सुमारास येतो, मुंबईत १५ मेला आणि आपल्याकडे २६ मेला, दुपारी बारा वाजून दहा मिनिटांच्या आसपास. सूर्य उत्तरेकडे सरकत जातो तशी ही तारीख गावोगाव पुढे जाते. कोणत्या पंथाने एवढ्या सगळ्या गावांत बांधकाम केलं?

संदेशात दुसरी तारीख नाहीच. सूर्य दक्षिणेकडे परतताना १७ जुलैच्या सुमारास नागपुरावरून पुन्हा तसाच जातो. तेव्हा आभाळ भरलेलं असतं, म्हणून कुणाचं लक्ष जात नाही. किमया असती तर कर्त्यांनी अर्धी किमया ऐन पावसाळ्यात कशाला ठेवली असती? २६ मेला एक सरळ नळी ओळंब्यानं उभी करा आणि पाहा. शपथ, दीक्षा काही लागत नाही.

पोथ्या जाळल्या, या दाव्याची रचनाच अशी आहे की पुरावा मागितला की पुरावा नसणं हाच पुरावा ठरतो. पण ही विद्या दडलेली कधी नव्हतीच. शंकूच्या, म्हणजे जमिनीत उभ्या रोवलेल्या काठीच्या, सावलीवरून दिशा आणि अक्षांश काढण्याची रीत सूर्यसिद्धान्त या जुन्या ज्योतिषग्रंथात आहे आणि तो ग्रंथ कुणीही वाचू शकतो. प्रकाशाचं एक खरंखुरं कोडं उलगडणारे सी. व्ही. रामन तरुणपणी काही काळ याच नागपुरात लेखा खात्यात नोकरीला होते. १९२८ चा आपला शोध त्यांनी त्याच वर्षी छापून जगापुढे ठेवला.

झिरो माइलचा दावा मात्र मला सर्वांत जास्त सलतो. हा खांब १९०७ चा. भोसल्यांचं राज्य १८५४ मध्येच खालसा झालं होतं. खांबाचा संबंध भारताच्या त्रिकोणमितीय सर्वेक्षणाशी, म्हणजे त्रिकोण आखून देश मोजण्याच्या इंग्रजांच्या मोहिमेशी आहे, आणि तिथे कोरलेली १०२०.१७१ फूट ही समुद्रसपाटीपासूनची उंची आहे. ती कुठल्या प्रकाशरेषेनं सापडलेली नाही. उंची मोजणारी माणसं पातळीयंत्र आणि मोजपट्ट्या घेऊन टप्प्याटप्प्यानं चालत आली.

या सर्वेक्षणात प्रकाश होता, तोही नुसता शोभेला नव्हे. सर्वेक्षणाचा प्रमुख जॉर्ज एव्हरेस्ट याच्या काळात दूरच्या टेकडीवरचा बिंदू दिसावा म्हणून दिवसा आरशानं सूर्यकिरण परावर्तित करत आणि रात्री दिवे पेटवत. त्या उजेडावर थिओडोलाइट रोखून कोन मोजत. ते आरसे आणि दिवे टेकडीवर कोण सांभाळत होतं? आपल्याच मुलखातले खलाशी (मोजणीतले मदतनीस), हमाल, झाडी तोडणारे मजूर. तापानं आणि उपासमारीनं त्यांतले कित्येक गेले. मोजणी सुरू करणारा विल्यम लॅम्बटन १८२३ मध्ये नागपूरच्या वाटेवर हिंगणघाटला वारला. त्याची कबर तिथे आहे. दिवा धरून रात्र रात्र बसलेल्या माणसांची नावंही कुठे कोरलेली नाहीत. प्रकाशाचे कारागीर म्हणायचंच असेल तर तो मान त्यांचा आहे. त्यांची जागा काल्पनिक पंथाला देणं हा त्यांच्यावरचा दुसरा अन्याय आहे. महालातले वाडे बांधणारे पाथरवट, गवंडी, सुतार यांचंही तेच. त्यांनी नावं लपवली नाहीत, ती कुणी लिहूनच घेतली नाहीत.

उरला किरणोत्सव. मावळतीची किरणं पश्चिमाभिमुख अंबाबाईपर्यंत पोहोचतात ते दिवस नोव्हेंबरच्या ९ ते ११ आणि ३१ जानेवारी ते २ फेब्रुवारी. दोन्ही मुदती २१-२२ डिसेंबरच्या दोन बाजूंना जवळपास सारख्याच अंतरावर आहेत, कारण त्या दिवसांत सूर्य क्षितिजावर एकाच ठिकाणी मावळतो. गाभाऱ्यापासून महाद्वारापर्यंतची रेषा ज्यांनी साधली, त्यांनी मावळतीकडे वर्षानुवर्षं नजर ठेवून ती साधली असणार. अलीकडे काही वर्षी किरणं चेहऱ्यापर्यंत पोहोचत नाहीत, तेव्हा संदेश त्याला ‘पंथाचा शाप’ म्हणतो. प्रत्यक्षात ढग, हवेतली धूळ आणि बाष्प, आणि महाद्वार रस्त्याकडून येणाऱ्या किरणांच्या वाटेतली बांधकामं आडवी येतात. ढगांना इलाज नाही, पण अडथळे मोजता येतात आणि हटवताही येतात. शाप म्हटला की ते काम कुणी हातीच घेणार नाही.