लाल राज्यातलं एक मत

अमेरिकेतलं नेब्रास्का राज्य लाल, म्हणजे रिपब्लिकन पक्षाकडे झुकलेलं आहे, यात वाद नाही. (डेमोक्रॅटांचा रंग निळा.) १९६४ मध्ये लिंडन जॉन्सन इथे जिंकले, त्यानंतर राष्ट्राध्यक्षपदाच्या एकाही डेमोक्रॅट उमेदवाराला हे राज्य जिंकता आलेलं नाही. २०२४ मध्ये ट्रम्प यांना जवळपास ६० टक्के मतं पडली. मतमोजणीच्या रात्री टीव्हीवाले आमच्या राज्यावर फार वेळ थांबत नाहीत. मतदान संपलं की थोड्याच वेळात राज्य लाल रंगवतात आणि पेनसिल्व्हेनियाकडे वळतात.

पण २०२४ चा ट्रम्प ३१२, डेमोक्रॅट उमेदवार कमला हॅरिस २२६ हा जो निकाल तुम्ही सगळ्यांनी वाचला, त्यातल्या २२६ मधलं एक मत नेब्रास्काचं आहे. म्हणजे ओमाहाचं, आम्ही राहतो त्या शहराचं. २००८ मध्ये ओबामांना, २०२० मध्ये बायडन यांना आणि २०२४ मध्ये हॅरिस यांना या लाल राज्याने एकेक इलेक्टोरल मत दिलं. हे मत काढून घ्यायचा प्रयत्न गेली तीसेक वर्षं अधूनमधून होतो आहे, तो पुन्हा होणार आहे, आणि तो यशस्वी होऊ नये असं मला मनापासून वाटतं. म्हणून ही लांबलचक पोस्ट.

पुण्या-मुंबईच्या मित्रांसाठी आधी थोडक्यात. अमेरिकेत राष्ट्राध्यक्ष थेट लोकांच्या मतांनी निवडला जात नाही. ५३८ इलेक्टोरल मतं आहेत, २७० मिळवणारा जिंकतो. कुठल्या राज्याने आपली मतं कशी वाटायची, हे घटनेने त्या त्या राज्याच्या विधिमंडळावर सोडलं आहे. ४८ राज्यांनी ‘जिंकेल त्याला सगळं’ असा नियम ठेवला आहे. राज्यात एका मताने पुढे असलात तरी सगळी इलेक्टोरल मतं तुमची. मेन आणि नेब्रास्का या दोनच राज्यांत वेगळी पद्धत आहे. नेब्रास्काची मतं पाच. दोन राज्यभरात पहिला येणाऱ्याला, आणि उरलेली तीन काँग्रेसच्या, म्हणजे अमेरिकी संसदेच्या, तीन मतदारसंघांत जो जिथे जिंकेल त्याला. १९९१ मध्ये हा कायदा झाला आणि १९९२ च्या निवडणुकीत पहिल्यांदा वापरला गेला. मेन त्याच्या वीस वर्षं आधीपासून हे करत होतं.

आमचा दुसरा मतदारसंघ म्हणजे ओमाहा शहर, त्याची उपनगरं आणि जोडीला थोडा ग्रामीण भाग. तिसरा मतदारसंघ म्हणजे राज्याचा बाकी सगळा पश्चिम पसारा. तिथली एकटी चेरी काउंटी कनेक्टिकट या अख्ख्या राज्यापेक्षा मोठी आहे. मैलोन् मैल गवताळ वाळूच्या टेकड्या आणि गुरं. नेब्रास्कात माणसं वीस लाखांच्या आसपास आणि गुरं साठ लाखांच्या वर. तिथल्या शेतकऱ्याचं आणि ओमाहातल्या रुग्णालयात रात्रपाळी करणाऱ्या नर्सचं आयुष्य इतकं वेगळं आहे की दोघांची मतं एकाच डब्यात ओतून ‘नेब्रास्काचा कौल’ म्हणणं दोघांवरही अन्याय आहे.

२०२४ च्या सप्टेंबरमध्ये काय झालं ते आठवून आजही अस्वस्थ व्हायला होतं. त्या वेळचं गणित असं होतं: हॅरिस यांनी मिशिगन, विस्कॉन्सिन आणि पेनसिल्व्हेनिया जिंकली आणि बाकीची अटीतटीची राज्यं हरली, तर ओमाहाचं मत धरून त्यांची बेरीज बरोबर २७० होत होती. ते मत गेलं तर २६९-२६९. मग निर्णय प्रतिनिधीगृहाकडे, म्हणजे संसदेच्या कनिष्ठ सभागृहाकडे, जातो आणि तिथे प्रत्येक राज्याला एकच मत असतं, राज्य कॅलिफोर्नियाएवढं असो की वायोमिंगएवढं. म्हणजे जगातल्या सर्वात शक्तिशाली पदाचा निकाल आमच्या एका मतावर लटकू शकत होता. साउथ कॅरोलिनाचे रिपब्लिकन सिनेटर लिंडसे ग्रॅहम आमच्या राजधानीत, लिंकनला, येऊन आमच्या राज्याच्या रिपब्लिकन आमदारांना भेटले. गव्हर्नर जिम पिलन ‘जिंकेल त्याला सगळं’ करण्यासाठी विशेष अधिवेशन बोलवायला तयार होते, फक्त ३३ आमदार जुळायला हवे होते.

आमचं विधिमंडळ देशात एकमेव आहे. सभागृह एकच, सदस्य ४९, आणि मतपत्रिकेवर त्यांच्या नावापुढे पक्ष लिहिलेला नसतो. जॉर्ज नॉरिस या रिपब्लिकन सिनेटरने १९३४ मध्ये राज्यभर फिरून लोकांना ही रचना पटवली. विरोधकांनी चर्चा लांबवून केलेली अडवणूक मोडून विधेयक पुढे न्यायचं तर ३३ मतं लागतात. आकडा अडला तो ओमाहाचे माइक मॅकडॉनेल यांच्यापाशी. हे आधी अग्निशमन दलात होते, कामगार संघटनेतले, आणि काही महिन्यांपूर्वीच डेमोक्रॅट पक्ष सोडून रिपब्लिकन झालेले. त्यांच्यावर दडपण किती आलं असेल याची कल्पना करा. २३ सप्टेंबरला त्यांनी जाहीर नकार दिला. निवडणूक दीड महिन्यावर असताना नियम बदलणं योग्य नाही, बदलायचाच असेल तर पुढे घटनादुरुस्ती म्हणून लोकांसमोर मतदानाला ठेवा, ही त्यांची भूमिका होती. त्यांची इतर धोरणं मला अजिबात पटत नाहीत. पण त्या दिवशी त्या माणसाने जे केलं, त्याबद्दल माझ्या मनात आदर आहे आणि राहील.

माझं मत हॅरिस यांना होतं, ते लपवायचं कारण नाही. पण हा मुद्दा त्यांच्या किंवा ट्रम्प यांच्या बाजूचा नाही, हे मला शेजारच्या काकांमुळे जास्त पटलं. हवाई दलातून निवृत्त झालेले, मूळचे पश्चिम नेब्रास्कातले, पक्के रिपब्लिकन, मत अर्थातच ट्रम्प यांना. त्या शरद ऋतूत आमच्या गल्लीत पांढऱ्या पाटीवर नुसता निळा ठिपका असलेले फलक उगवले होते, शब्द एकही नाही. ओमाहातल्याच एका जोडप्याने ते हाताने रंगवायला सुरुवात केली आणि बघता बघता ते शहरभर पसरले. उत्तरादाखल अख्खं नेब्रास्का लाल दाखवणारे फलकही लागले. काकांच्या अंगणात लाल फलक होता, आमच्या अंगणात निळा ठिपका. पण ग्रॅहम येऊन गेले त्या आठवड्यात कुंपणाशी उभे राहून ते जे म्हणाले ते असं: बाहेरच्या राज्यातल्या माणसाने येऊन आम्हाला मत कसं मोजायचं हे शिकवू नये. पश्चिमेतले त्यांचे भाऊ-पुतणे कुणाला मत देतात ते त्यांनी ठरवावं, ओमाहाचं ओमाहाने.

आणि ओमाहाचं म्हणजे डेमोक्रॅटांचं, असंही नाही. याच मतदारसंघाने २०१६ पासून २०२४ पर्यंत प्रत्येक वेळी काँग्रेसमध्ये डॉन बेकन या रिपब्लिकनला पाठवलं. २०२४ मध्ये एकाच मतपत्रिकेवर हॅरिस आणि बेकन दोघेही इथून जिंकले. म्हणजे हजारो लोकांनी मतपत्रिका वाचून, माणूस बघून, ओळीगणिक वेगळा विचार केला. २०१२ मध्ये हे मत रिपब्लिकन उमेदवार मिट रॉम्नींना गेलं, २०१६ मध्ये ट्रम्प यांना. ते कोणाच्या मालकीचं नाही, म्हणूनच दोन्ही पक्षांना इथे येऊन मागावं लागतं. २०२० मध्ये मतदानाच्या आठवडाभर आधी ट्रम्प स्वतः ओमाहाच्या विमानतळावर सभा घेऊन गेले. एका मतासाठी! शेजारच्या कॅन्ससला सहा मतं आहेत, पण तिथे शेवटच्या आठवड्यात उमेदवार असा धावत येत नाही.

‘लाल राज्य’ म्हणताना आपण किती गोष्टी पुसून टाकतो बघा. नेब्रास्कात वीज पूर्णपणे सार्वजनिक मालकीची आहे, असं दुसरं एकही राज्य देशात नाही. वीज मंडळाचे संचालक आम्ही मतपत्रिकेवर निवडतो. महावितरणच्या बिलावरून चिडणाऱ्या प्रत्येकाने क्षणभर ही कल्पना करून बघावी. याच लाल मतदारांनी २०१८ मध्ये मेडिकेडचा, म्हणजे गरिबांसाठीच्या सरकारी आरोग्य विम्याचा, विस्तार मंजूर केला, २०२२ मध्ये किमान वेतन टप्प्याटप्प्याने ताशी १५ डॉलरपर्यंत न्यायला होकार दिला. २०२४ मध्ये, ट्रम्प यांना निवडून दिलं त्याच दिवशी, पगारी आजारी रजेच्या प्रस्तावाला जवळपास तीन चतुर्थांश मतं दिली, आणि खासगी शाळांना सरकारी पैसा देणारा कायदा रद्द केला. त्याच मतपत्रिकेवर गर्भपातावरची बंधनंही मंजूर झाली, याचं मला फार वाईट वाटलं. हे सगळे तेच लोक आहेत. एका रंगात त्यांना कसं बसवणार?

माझी मावसबहीण डॅलसजवळ राहते. दर चार वर्षांनी तिचं एकच वाक्य, ‘आमच्याकडे मत दिलं काय अन् नाही दिलं काय.’ तिला दोष देववत नाही. १९७६ मध्ये जिमी कार्टर जिंकले, त्यानंतर टेक्सासचा निकाल बदललेला नाही. २०२४ मध्ये तिथे हॅरिस यांना ४८ लाखांहून जास्त लोकांनी मतं दिली आणि त्यातून इलेक्टोरल मतं मिळाली शून्य. उलट बाजूही तितकीच खरी आहे. बे एरियातला माझा कॉलेजचा मित्र ट्रम्प यांचा समर्थक. कॅलिफोर्नियात ट्रम्प यांना ६० लाखांहून जास्त मतं पडली, त्याचंही फळ शून्य. आणि २०२० मध्ये तर ट्रम्प यांना सर्वात जास्त मतं देणारं राज्य टेक्सास नव्हतं, फ्लोरिडा नव्हतं, कॅलिफोर्निया होतं! ६० लाख माणसं मतदान करून घरी गेली आणि त्यांच्याकडे कोणीही ढुंकून बघितलं नाही. कुठलाही उमेदवार त्यांच्याकडे काही मागायला येत नाही, त्यामुळे त्यांना काही द्यायलाही येत नाही. मला हे लोकशाहीतलं मोठं दुखणं वाटतं, आणि ते दोन्ही पक्षांच्या लोकांचं आहे.

बहिणीला मी प्रत्येक वेळी सांगते, वरची एक ओळ सोड, खाली बघ. टेक्सासमध्ये न्यायाधीशसुद्धा निवडून येतात. रेल्वेरोड कमिशन नावाचं मंडळ तेल आणि वायूवर नियंत्रण ठेवतं, त्याचे सदस्य निवडून येतात. मुलांच्या शाळेतली पुस्तकं, मालमत्ता कर, पूर आला तर पाणी कुठे वळणार, हे सगळं त्याच मतपत्रिकेवर असतं. तिथे ऑनलाइन मतदार नोंदणी नाही, मतदानाच्या ३० दिवस आधी नाव नोंदवावं लागतं, तेवढं केलं की झालं. आपल्या मराठी मंडळांत गणपतीच्या वर्गणीसाठी फोन करणारे इतके कार्यकर्ते आहेत, त्यांनी त्याच यादीवरून मतदार नोंदणीचा एक फोन करायला काय हरकत आहे?

आता आमच्या पद्धतीवरचा खरा आक्षेप, कारण तो टाळून चालणार नाही. उद्या सगळ्या राज्यांनी नेब्रास्कासारखं केलं तर न्याय होईल का? तसा होणार नाही. मतदारसंघांच्या सीमा विधिमंडळं आखतात आणि सत्ताधारी त्या आपल्या सोयीने वाकवतात. २०१२ मध्ये देशभर ही पद्धत असती, तर ओबामांना जवळपास ५० लाख मतं जास्त असूनही रॉम्नी राष्ट्राध्यक्ष झाले असते. आमच्याकडेही २००८ मध्ये ओबामांनी साडेतीन हजारांच्या आतल्या फरकाने हे मत घेतल्यावर, २०११ मध्ये मतदारसंघाच्या सीमा बदलल्या गेल्या. २०२१ मध्ये ग्रामीण सॉन्डर्स काउंटी आम्हाला जोडली गेली. तरी मत निळं राहिलं ती गोष्ट वेगळी.

खरा उपाय देशभरातली सगळी मतं एकत्र मोजणं हाच आहे, आणि तो एकदा फार जवळ आला होता. सप्टेंबर १९६९ मध्ये प्रतिनिधीगृहाने ३३८ विरुद्ध ७० मतांनी थेट निवडणुकीची घटनादुरुस्ती मंजूर केली होती. तेव्हाचे राष्ट्राध्यक्ष निक्सन यांचाही पाठिंबा होता. पुढच्या वर्षी सिनेटमध्ये काही छोट्या आणि दक्षिणेकडच्या राज्यांच्या सिनेटरांनी ती बोलून बोलून मारली. त्यानंतर २००० आणि २०१६ मध्ये देशभरात कमी मतं मिळालेला उमेदवार राष्ट्राध्यक्ष झाला.

पण तो दिवस येईपर्यंत आहे तेही मोडून टाकायचं, हे मला मान्य नाही. ‘सगळी राज्यं करतात तसं आपणही करू’ म्हणणाऱ्यांना मी एवढंच सांगेन की सगळी राज्यं तसं का करू लागली याचा इतिहास वाचा. घटना लिहिली गेली तेव्हा बहुतेकांच्या डोळ्यांसमोर मतदारसंघनिहाय पद्धतच होती, असं खुद्द घटनेचे एक शिल्पकार जेम्स मॅडिसन यांनी १८२३ मध्ये एका पत्रात लिहून ठेवलं आहे. १८०० मध्ये व्हर्जिनियाने आपले उमेदवार थॉमस जेफरसन यांच्या सोयीसाठी ‘जिंकेल त्याला सगळं’ केलं, मग आपलं नुकसान नको म्हणून एकेक राज्य त्याच वाटेने गेलं. जुनं जपणारं म्हणून ज्या राज्याला अभिमान आहे, त्याने हे जुनं आनंदाने जपायला हवं.

२०२५ मध्ये पुन्हा विधेयक आलं. एप्रिलमध्ये मतदान झालं, ३३ हवी होती, ३१ मिळाली. दोन मतांनी वाचलो. २०२८ च्या आधी ते परत येईल, नक्की येईल. ओमाहा, लिंकन, ग्रँड आयलंड, कर्नी, कुठेही असाल तर आपला आमदार कोण आहे ते आजच शोधा आणि त्याला फोन करा. इथे ४९ जणांचीच कार्यालयं आहेत, फोन माणूस उचलतो. नियम बदलायचाच असेल तर तो लोकांच्या मतदानाला ठेवा, एवढीच मागणी करा. तुम्ही कोणाला मत देता ते सांगायची गरज नाही. शेजारच्या काकांनी त्यांच्या आमदाराला फोन केलाय, मीही केलाय, आणि आमचा आमदार एकच आहे.