१९७३ चा डोरेमॉन जळून खाक झालेला नाही

‘१९७३ च्या पहिल्या डोरेमॉन मालिकेची सगळी रिळं आगीत जळाली, आता एकही फ्रेम उरलेली नाही,’ असा मजकूर सध्या फिरतोय. तो चुकीचा आहे.

निप्पॉन टेलिव्हिजनवर १ एप्रिल ते ३० सप्टेंबर १९७३ दरम्यान ही मालिका दाखवली गेली. नंतर निर्मिती कंपनीच बंद पडली आणि रिळं विखुरली. आगीचं काही नाही, हेळसांड मात्र खरी, आणि मला जास्त त्रास त्याचाच होतो. काही भाग पुढे फिल्म लॅबमध्ये सापडले. जपानमध्ये त्यांचे मोजके खेळही झाले. डोरेमॉनला आधी कोसेई तोमिता, मग मासाको नोझावा यांचा आवाज होता.

आपल्याकडची मुलं ओळखतात तो डोरेमॉन १९७९ पासून टीव्ही आसाहीवर सुरू झालेल्या परंपरेतला आहे.