लेमिंगनी उड्या मारल्याच नाहीत, त्यांना ढकललं होतं!

आठवडाभर आमच्या फॅमिली ग्रुपवर काकांचा एक फॉरवर्ड फिरतोय. "लेमिंग नावाचे उत्तर ध्रुवाकडचे उंदीर संख्या वाढली की कड्यावरून समुद्रात उड्या घेऊन सामूहिक आत्महत्या करतात. डॉक्युमेंट्रीत प्रत्यक्ष टिपलंय, कॅमेरा खोटं बोलत नाही. माणसानेही बोध घ्यावा." मी गप्प होतो, पण काल पुतणीने हेच वक्तृत्व स्पर्धेच्या भाषणात घातलेलं बघितलं आणि डोकंच फिरलं.

तर काका, "प्रत्यक्ष टिपलंय" म्हणजे कसं ते ऐका. तो सीन डिस्नेच्या १९५८ च्या 'व्हाइट विल्डरनेस'मधला, शूटिंग कॅनडातल्या अल्बर्टात. अल्बर्टाला समुद्रच नाहीये हो! समुद्र म्हणून दाखवली ती नदी. लेमिंगसुद्धा तिकडचे नाहीत, मॅनिटोबातल्या इनुइट पोरांकडून विकत आणलेले, मग बर्फ पसरलेल्या फिरत्या चकतीवर मोजकेच प्राणी पळवायचे, चार अँगलनी शूट करायचं की झाला हजारोंचा लोंढा तयार. आणि उड्या? माणसांनी लोटलं त्यांना खाली. मी मनाचं सांगत नाहीये, १९८० च्या दशकात कॅनडाच्याच सीबीसी वाहिनीने 'क्रूएल कॅमेरा' या कार्यक्रमात हे उघडं पाडलं. तोवर त्या पिक्चरला डॉक्युमेंट्रीचं ऑस्कर मिळून जमाना झाला होता.

बरं, संख्या वाढते हे खरंय, तेवढं मानतो. दर तीन-चार वर्षांनी भरमसाट वाढते आणि कोसळते. गर्दी झाली की नवी जागा शोधत निघतात, वाटेत पाणी लागलं तर पोहतात, काही बुडतात. पण पोटासाठी गाव सोडलेला माणूस वाटेत पुरात वाहून गेला तर त्याला आपण आत्महत्या म्हणतो का?

"कॅमेरा खोटं बोलत नाही" वर काय बोलायचं! लांबून टेलिफोटोने टिपलेल्या प्राण्याच्या पावलांचा आवाज बऱ्याचदा नंतर स्टुडिओत भरतात. बीबीसीच्या 'फ्रोझन प्लॅनेट'मधली नवजात अस्वलाची पिल्लं प्राणिसंग्रहालयातली होती, २०११ मध्ये त्यावरून केवढा गदारोळ झाला. पण तिथे निदान कारण होतं, जंगली अस्वलिणीच्या गुहेत कॅमेरा घातला तर ती बिथरून पिल्लांनाच मारेल, आणि त्यांनी ते वेबसाइटवर सांगितलंही होतं.

राहिला "बोध". सातवीतल्या पोरीने स्टेजवरून आत्महत्या हा निसर्गाचा नियम म्हणून सांगायचं? तो परिच्छेद खोडला. त्या जागी फिरती चकती टाकलीय, शनिवारी स्पर्धा आहे.