'वाया गेलेला माणूस' : रॉकी एरिक्सनवरच्या प्रतिक्रियेला उत्तर

अनामिक साहेब, तुमचं म्हणणं थोडक्यात असं की रॉकी एरिक्सन हा अमेरिकन रॉक गायक एलएसडी (भास घडवणारं ड्रग) घेऊन वाया गेला, आयुष्यात गाणं चाललं एकच, आणि मी उगाच त्याला हुतात्मा करतोय. आता चाललं म्हणाल तर तेही धड नाही, 'यू आर गॉना मिस मी' १९६६ला बिलबोर्डच्या, म्हणजे अमेरिकेतल्या खपत्या गाण्यांच्या यादीत ५५ नंबरला गेलं आणि खाली आलं.

एलएसडीचं मी कुठे नाकारलंय? थर्टीन्थ फ्लोर एलिव्हेटर्स या रॉकीच्या बँडमधला तो टॉमी हॉल, 'जग' म्हणजे सुरईसारख्या भांड्याला माइक लावून तोंडाने कुडुकुडु आवाज काढणारा, तो तर एलएसडीचा प्रचारकच होता. १९६८ला रॉकी स्टेजवर असंबद्ध बोलायला लागला, स्किझोफ्रेनियाचं निदान झालं, उपचार म्हणून विजेचे शॉक दिले. इथपर्यंत तुमची गोष्ट बरोबर चालते.

पण तुम्ही नेमके इथेच थांबता! १९६९ला ऑस्टिनमध्ये त्याच्याकडे गांजाची सिगरेट सापडली, एक, आणि टेक्सासात तेव्हा गांजा कितीही असो, २ वर्षांपासून थेट जन्मठेपेपर्यंत शिक्षा होऊ शकायची. जेल नको म्हणून मनोरुग्ण असल्याचा बचाव घेतला, तर ऑस्टिनच्या हॉस्पिटलातून हा सारखा पळायचा, मग टाकला रस्कला, गुन्हेगार मनोरुग्णांच्या हॉस्पिटलात, खुनाच्या केसमधल्या लोकांबरोबर, ते १९७२पर्यंत. आधीच आजारी असलेल्या विशीतल्या पोराला हे. याचं बिल पण एलएसडीवरच फाडायचं का?

आणि तिथे त्याने काय केलं, तर त्याच पेशंट लोकांना घेऊन बँड काढला, गाणी लिहिली. बाहेर आल्यावर झोंबी, भुतंखेतं, दोन डोक्यांचा कुत्रा असली गाणी केली (माझी सगळ्यात आवडती हीच, एलिव्हेटर्सच्या नशिल्या, सायकेडेलिक संगीताच्या चाहत्यांना पटो न पटो). १९८२ला नोटरीसमोर लिहून दिलं की माझ्या शरीरात मंगळावरचा जीव आहे. यावर लोक अजून हसतात, तुम्हीही हसलात. मला त्यात औषधपाण्याविना राहिलेला माणूस दिसतो.

१९९०ला आर.ई.एम. आणि झेडझेड टॉपसारख्या बड्या बँडनी त्याच्या गाण्यांचा ट्रिब्यूट अल्बम केला. एका फ्लॉप गाण्यावर असं होत नाही हो. पण त्याचं खरं भलं केलं धाकट्या भावाने, समनरने. हा पिट्सबर्गच्या सिम्फनीत ट्यूबा वाजवायचा, २००१ला कोर्टातून पालकत्व घेतलं, उपचार सुरू केले, आणि चार वर्षांत रॉकी परत स्टेजवर!

राहिलं तुमचं 'हा गातो कुठे, नुसता किंचाळतो'. ओकरव्हिल रिव्हर या बँडबरोबरचा त्याचा २०१०चा अल्बम ऐका. सुरुवातीला आणि शेवटी रस्कमध्ये असतानाचं जुनं रेकॉर्डिंग आहे, खरखर आहे भरपूर, पण किंचाळणं शोधून दाखवा, मग पुढचं भांडू.